चाळिशीत आजी: सारा गार्सिया आणि मेक्सिकन सिनेमातील चरित्र भूमिकांचे गणित

सारा गार्सिया यांचा विषय मेक्सिकोत निघाला की पहिली गोष्ट दातांची सांगितली जाते. १९३० च्या दशकात, चाळिशीच्या आसपास असताना, म्हाताऱ्या बाईची भूमिका खरी वाटावी म्हणून या अभिनेत्रीने आपले चौदा दात काढून घेतले, अशी ती गोष्ट आहे. ऐकणारा थक्क होतो, कलेवरच्या निष्ठेबद्दल दोन शब्द बोलतो आणि विषय तिथेच संपतो. मात्र त्या गोष्टीच्या पोटात दडलेला प्रश्न त्यामुळे विचारायचाच राहून जातो. जिला आणखी दहा-पंधरा वर्षे प्रौढ स्त्रीच्या भूमिका सहज करता आल्या असत्या, अशा नटीने म्हातारपण इतक्या लवकर आणि इतके कायमचे का पत्करले? त्याचे उत्तर थोडे तिच्या स्वभावात आहे, पण बरेचसे त्या काळच्या रंगभूमीच्या आणि चित्रपटधंद्याच्या रचनेत आहे. ती रचना समजली, की मेक्सिकन सिनेमाच्या सुवर्णकाळातले, म्हणजे साधारण १९३६ ते १९५० च्या दशकाच्या अखेरपर्यंतचे, शेकडो चित्रपट कसे बनत होते हेही बऱ्याच अंशी उलगडते.

ज्याच्या नावावर तिकीट खपते तो तारा. त्या ताऱ्याभोवती जे घर, जी गल्ली, जे न्यायालय, जे चर्च उभे करावे लागते, ते ज्यांच्या चेहऱ्यांवर उभे राहते ते चरित्र अभिनेते. प्रेक्षक त्यांच्यासाठी चित्रपटगृहात येत नाही, पण ते पडद्यावर आले की त्याला लगेच कळते की हा माणूस कंजूष आहे, हा पाद्री भाबडा आहे, ही बाई घर सांभाळणारी आहे. कथेला ओळख करून देण्यात वेळ घालवावा लागत नाही. चरित्र अभिनेत्याचा खरा व्यवसाय हा असा वेळ वाचवण्याचा आहे, आणि जो चित्रपटधंदा वेळेच्या आणि पैशाच्या टंचाईत भराभर चित्रपट काढतो त्याला असे लोक ताऱ्यांइतकेच आवश्यक असतात.

ही कामाची वाटणी सिनेमाने शोधून काढलेली नव्हती. स्पॅनिश भाषेतील व्यावसायिक नाटक कंपन्यांमध्ये ती आधीपासून रुळलेली होती. कंपनीत एक प्रमुख नायिका असे, एक तरुण नायिका, एक नायक, बाप-आजोबांची कामे करणारा 'बार्बा' म्हणजे दाढीवाला, हसवणारा 'ग्रासियोसो', आणि आई, सासू, मावशी, आजी, शेजारीण अशी सगळी वयस्क स्त्रीपात्रे एकहाती सांभाळणारी 'काराक्तेरीस्तिका'. नटाची नेमणूक एखाद्या नाटकासाठी होत नसे, या जागेसाठी होत असे. गावोगाव फिरणाऱ्या कंपनीला सतत नवे नाटक लावावे लागे, तालमींना पुरेसे दिवस मिळत नसत, आणि म्हणून प्रत्येकाने आपापल्या जागेचे ठरलेले बोलणे, चालणे, रडणे, ओरडणे तयार ठेवलेले असणे ही गरज होती. आपल्याकडच्या जुन्या नाटक मंडळ्यांचा कारभार ज्यांनी वाचला आहे त्यांना हे परके वाटणार नाही. या जागांमध्ये तरुण नायिकेची जागा सर्वांत दिमाखाची, आणि सर्वांत अल्पायुषी. काराक्तेरीस्तिकेचे मात्र वय वाढते तसे बाजारातले मोल कमी होत नाही, उलट वाढते. ही गोष्ट लक्षात घेतली, की चाळिशीत म्हातारपण स्वीकारणे हा वेडा त्याग वाटत नाही. ज्या दुकानावर पुढची चाळीस वर्षे गर्दी राहणार ते दुकान लवकर ताब्यात घेण्यासारखे ते होते.

सारा गार्सिया यांचा जन्म ८ सप्टेंबर १८९५ रोजी वेराक्रूस राज्यातील ओरिसाबा येथे, स्पेनमधून आलेल्या दांपत्याच्या पोटी झाला. या दांपत्याची इतर मुले जगली नाहीत, आणि आईवडीलही लवकर गेल्यामुळे सारा लहान वयातच पोरक्या झाल्या. त्यांचे पुढचे आयुष्य राजधानीतील विस्काईनास या संस्थेत गेले. अठराव्या शतकात बास्क समाजातील धनिकांनी विधवा आणि अनाथ मुलींसाठी ही संस्था उभारली होती. तिथे त्या शिकल्या आणि पुढे काही काळ तिथेच त्यांनी शिकवलेही. १९१७ मध्ये गायिका-अभिनेत्री मिमी देर्बा आणि छायाचित्रकार एन्रिके रोसास यांनी 'आस्तेका फिल्म' ही कंपनी काढली. तिच्या मूकपटांत सारा यांना किरकोळ कामे मिळाली. मात्र मूकपटांचा तो प्रयोग फार काळ टिकला नाही आणि त्या रंगभूमीकडे वळल्या. फेर्नांदो इबान्येस या सहकलाकाराशी त्यांनी लग्न केले, दौऱ्यांच्या धामधुमीत मुलगी झाली, आणि काही वर्षांत ते लग्न मोडले. मुलीला वाढवणे आणि कंपनीबरोबर फिरणे ही दोन्ही कामे त्यांनी एकत्र केली. त्या कधीच मोठ्या नायिका नव्हत्या, हे इथे नोंदवले पाहिजे, कारण 'सौंदर्य सोडून म्हातारी झाली' अशी जी आवृत्ती सांगितली जाते ती फारशी खरी नाही. त्यांनी नायिकापद सोडले नाही. जे मिळण्याची शक्यता कमी होती त्याच्या मागे धावणे त्यांनी सोडले.

दात काढण्याचा व्यावहारिक अर्थही समजून घेण्यासारखा आहे. रंगभूषेने कपाळावर सुरकुत्या काढता येतात, केसांना पांढरा टोप चढवता येतो, पाठ वाकवता येते. पण तोंडाची ठेवण रंगवून बदलत नाही. दात गेले की ओठ आत ओढले जातात, गाल बसतात, हनुवटी पुढे आल्यासारखी दिसते. नाटकाच्या दहाव्या रांगेतल्या प्रेक्षकाला हा फरक जाणवला नसता, पण कॅमेरा जवळ येऊ लागला होता, आणि जवळच्या चित्रणात तरुण तोंडावरचा पांढरा टोप लगेच उघडा पडतो.

बोलपट आले तेव्हा आवाज कमावलेल्या नाटकवाल्यांना अचानक मागणी आली. १९३६ मध्ये फेर्नांदो दे फ्वेन्तेस यांचा 'आया एन एल रांचो ग्रांदे' हा चित्रपट सगळ्या स्पॅनिश भाषक जगात चालला आणि मेक्सिकन निर्मात्यांना आपली बाजारपेठ केवढी आहे हे कळले. मग दुसरे महायुद्ध आले. मेक्सिकोने १९४२ मध्ये दोस्तराष्ट्रांच्या बाजूने युद्धात उतरण्याची घोषणा केली, आणि अमेरिकेकडून मिळणाऱ्या कच्च्या फिल्मचा ओघ त्याच्याकडे चालू राहिला. तटस्थ राहिलेल्या अर्जेंटिनाला, म्हणजे त्याच्या सर्वांत मोठ्या प्रतिस्पर्ध्याला, ती मिळणे अवघड झाले. त्याच वर्षी चित्रपटांना कर्ज देणारी बँक मेक्सिकोत स्थापन झाली, आणि १९४५ मध्ये चुरुबुस्को हा मोठा स्टुडिओ सुरू झाला. १९४० मध्ये तीसच्या आसपास असलेली वर्षाची चित्रपटसंख्या १९५० मध्ये शंभराच्या बरीच वर गेली. हे सगळे चित्रपट काही आठवड्यांत उरकले जात. अशा वेगात दिग्दर्शकाला असे नट हवे असतात की ज्यांना भूमिका समजावून सांगावी लागत नाही, आणि ते नट नाटक कंपन्यांतून तयार होऊनच आलेले होते. फेर्नांदो, आन्द्रेस, दोमिंगो आणि हुलियान हे सोलेर बंधू अशाच नाटकवाल्या घरातले. होआकिन पार्दावेही तसेच.

या ठिकाणी पैशाच्या गणिताबरोबर समाजाच्या मनःस्थितीचाही विचार करावा लागतो, कारण त्याशिवाय नेमकी आईचीच भूमिका इतकी का चालली हे कळत नाही. १९१० मध्ये सुरू झालेल्या क्रांतीने देश दहा वर्षे ढवळून काढला. त्यानंतर १९२६ ते १९२९ या काळात सरकार आणि कॅथलिक बंडखोर यांच्यात सशस्त्र संघर्ष झाला. १९३० च्या दशकात लासारो कार्देनास यांच्या सरकारने जमिनींचे वाटप केले, तेल उद्योगाचे राष्ट्रीयीकरण केले आणि शाळांमध्ये समाजवादी शिक्षण आणले. खेड्यांतून माणसे राजधानीकडे येत होती. जुन्या वळणाच्या मध्यमवर्गाला आपले घर आपल्या हातून निसटते आहे असे वाटत होते. १९४० मध्ये राष्ट्राध्यक्षपदी आलेले मानुएल आविला कामाचो यांनी आपण श्रद्धावान आहोत असे जाहीरपणे सांगितले, तेव्हा या वर्गाने सुटकेचा श्वास सोडला. कुटुंब, प्रांतातले शांत शहर, देवघर, आणि त्या सगळ्याच्या मध्यभागी आई, असे चित्र पडद्यावर पाहण्याची इच्छा त्या काळात फार तीव्र होती. १० मे हा मातृदिन म्हणून साजरा करण्याची प्रथा 'एक्सेल्सियोर' या वृत्तपत्राने १९२२ मध्ये सुरू केली होती. १९४९ मध्ये त्याच तारखेला राजधानीत आईचे भव्य स्मारक उभे राहिले. या दोन तारखांच्या मधल्या काळात मेक्सिकन सिनेमाने आई घडवली, आणि त्या आईला बहुतेक वेळा सारा गार्सिया यांचा चेहरा होता.

पण त्या चेहऱ्याचा पहिला मोठा उपयोग रडवण्यासाठी झाला नाही. १९४० मधील ह्वान बुस्तियो ओरो यांचा 'आई एस्ता एल देताये' हा कांतिन्फ्लास या विनोदी नटाला मोठे करणारा चित्रपट. त्यात सारा यांनी क्लोतिल्दे रेगालादो ही बाई केली आहे. नवरा परागंदा झालेला, पाठीशी आठ मुले, आणि ही बाई त्याला शोधत एका श्रीमंत घरात येऊन थडकते, तेव्हा परक्या माणसाचे नाव लावून तिथे बसलेला कांतिन्फ्लास नवरा म्हणून तिच्या गळ्यात पडण्याची वेळ येते. कांतिन्फ्लास बोलतो भराभर आणि अर्थहीन. त्याच्यासमोर हसू न येऊ देता, आपला राग आणि आशा पूर्ण खरी ठेवून उभे राहणे हे कसलेल्या नटीचे काम आहे. ती डगमगली असती तर विनोद कोसळला असता. याच चित्रपटात मोलकरीण झालेल्या दोलोरेस कामारियो या मेक्सिकन सिनेमातल्या सुरुवातीच्या रंगभूषाकारांपैकी एक होत्या, हे सहज आठवले म्हणून सांगितले. त्या पिढीतल्या चरित्र कलाकारांना कॅमेऱ्याच्या मागचेही काम येत असे.

पुढच्याच वर्षी त्याच दिग्दर्शकाचा 'क्वांदो लोस ईखोस से व्हान', म्हणजे 'मुले घर सोडून जातात तेव्हा', आला आणि आईचा साचा पक्का झाला. फेर्नांदो सोलेर यांनी त्यात कठोर, सरळ आणि म्हणूनच फसणारा बाप केला. एका भावाच्या कारस्थानामुळे दुसरा मुलगा बापाच्या मनातून उतरतो, घराबाहेर पडतो, आणि सगळे पुरावे त्याच्या विरोधात असतानाही आईचा त्याच्यावरचा विश्वास हलत नाही. आज हा चित्रपट पाहताना त्याचा उपदेशी सूर खटकतो, आणि बापाच्या अधिकाराला कुठेही धक्का लागू न देण्याची त्याची धडपड लपत नाही. तरीही सारा यांचे काम टिकले आहे. त्या नवऱ्याशी भांडत नाहीत. वाक्य अर्धवट सोडतात, हात पदराऐवजी शालीच्या टोकाशी चाळा करतात, आणि ज्या क्षणी इतर पात्रे आवाज चढवतात त्या क्षणी त्या आवाज खाली आणतात. मेलोड्रामात सगळेच मोठ्याने बोलत असताना खालच्या पट्टीतला माणूस लक्ष वेधून घेतो, हे त्यांना रंगभूमीने शिकवले होते.

१९४० मध्ये त्यांची मुलगी मारिया फेर्नांदा विषमज्वराने गेली. तीही अभिनेत्री होती. १९३७ मध्ये गायक-नट होर्हे नेग्रेते यांच्या पहिल्या चित्रपटात ती नायिका होती. त्यामुळे १९४१ च्या चित्रपटातले अश्रू खरेच होते असे लिहिण्याचा मोह अनेकांना झाला आहे. मला तो मोह टाळावासा वाटतो. ज्या नटीने त्याआधीही अनेक वर्षे पडद्यावर आई उभी केली होती तिच्या कौशल्याचे श्रेय तिच्या दुःखाला देणे योग्य नाही.

साचा पक्का झाल्यावर नटापुढे दोन वाटा असतात: तोच दागिना पुन्हा पुन्हा घालून दाखवणे, किंवा साच्याच्या आत जागा शोधणे. सारा यांनी दोन्ही केले. केवळ पोटासाठी केलेले, एकासारखे दुसरे असे त्यांचे चित्रपट पुष्कळ आहेत, आणि एकूण दीडशेच्या आसपास असलेल्या चित्रपटांतले सगळे पाहण्यासारखे आहेत असे कोणी म्हणू नये. पण १९४२ मध्ये पार्दावे यांनी दिग्दर्शित केलेल्या 'एल बाइसानो हालिल' मध्ये त्यांनी मेक्सिकोत स्थायिक झालेल्या लेबनीज व्यापाऱ्याची बायको केली. पार्दावे स्वतः तो व्यापारी होते. दोघेही अरबी वळणाच्या स्पॅनिशमध्ये बोलतात, प ऐवजी ब म्हणतात. त्यातून हशा पिकतो, पण चित्रपट त्या कुटुंबाच्या बाजूचा आहे, आणि स्वतःला उच्चकुलीन समजणारे मेक्सिकन घराणे त्यात लहान ठरते. पार्दावे त्यांच्याहून पाच वर्षांनी लहान होते. इथे सारा आजी नाहीत, संसारात तरबेज असलेली, नवऱ्याला सांभाळून घेणारी बायको आहेत, आणि नायिकेच्या वयाच्या नटीला न मिळणारा संसारी प्रणय त्यांना या भूमिकेत मिळाला.

त्यांच्या कारकिर्दीचा कळस मात्र इस्माएल रोद्रिगेस यांच्या १९४७ मधील 'लोस त्रेस गार्सिया' आणि त्याच वर्षीच्या 'व्हुएल्वेन लोस गार्सिया' या जोडचित्रपटांत आहे. एका गावात तीन चुलतभाऊ राहतात, तिघेही गार्सिया, तिघेही आडदांड, आणि एकमेकांशी सतत भांडणारे. एक गरीब पण स्वाभिमानी, एक पैशावाला, आणि तिसरा बायकांच्या मागे लागणारा गुलछबू. हा तिसरा म्हणजे त्या काळचा लाडका गायक-नट पेद्रो इन्फान्ते. अमेरिकेत वाढलेली त्यांची चुलतबहीण गावात येते आणि तिघेही तिच्यावर भाळतात. या तिघांना आवरू शकेल असा गावात एकच माणूस आहे: त्यांची आजी दोन्या लुईसा. ती चिरूट ओढते, शिव्याशाप देते, मिशीवाल्या नातवांना काठीने झोडपते, आणि तिची काठी उगारली की पिस्तूल बाळगणारे हे गडी मुलांसारखे खाली मान घालतात.

या भूमिकेत काय बदलले ते नीट पाहिले पाहिजे. आधीच्या आईची सत्ता तिच्या सोसण्यात होती. या आजीची सत्ता हुकमात आहे. मेक्सिकन सिनेमाने त्या काळात घोडा, पिस्तूल, दारू आणि गाणे यांवर उभा असलेला मर्द नायक रंगवला होता, आणि त्या मर्दाचे सगळे गुण, चिरूट आणि दांडगाईसकट, रोद्रिगेस यांनी एका म्हाताऱ्या बाईला देऊन टाकले. त्यामुळे मर्दांचे चित्र हास्यास्पद झाले, आणि तरीही कुणाला राग आला नाही, कारण आजीवर रागावणार कोण? सारा तेव्हा पन्नाशी नुकतीच ओलांडून पुढे आल्या होत्या. इन्फान्ते त्यांच्याहून फक्त बावीस वर्षांनी लहान होते, म्हणजे प्रत्यक्षात त्या जेमतेम त्यांची आई शोभल्या असत्या. पण प्रेक्षकाला शंका येत नाही, कारण तोवर दहा वर्षे त्या म्हाताऱ्याच होत्या. साच्याचा फायदा तो हा. दुसऱ्या चित्रपटात आजी मरते, आणि तिच्या जाण्यानंतर दारू पिऊन रडत गाणारा इन्फान्ते हा त्या दोघांच्याही कारकिर्दीतला सर्वांत आठवणीत राहिलेला प्रसंग ठरला. पडद्यावरचे हे नाते लोकांनी इतके खरे मानले की १९५७ मध्ये इन्फान्ते विमान अपघातात गेले तेव्हा सारा गार्सिया यांच्याकडे लोक शोकाकुल आप्ताच्या नजरेने पाहत होते.

सगळ्यांच्या वाट्याला असे प्रेम येत नाही, आणि हा फरक दाखवण्यासाठी मिगेल इन्क्लान यांचे उदाहरण उपयोगी पडते. दगडात कोरल्यासारखा चेहरा आणि खोल डोळे असलेला हा नट निर्मात्यांना दुष्टपणासाठी हवा असे. रोद्रिगेस यांच्याच 'नोसोत्रोस लोस पोब्रेस' मध्ये तो गांजाच्या आहारी गेलेला डॉन पिलार आहे. चोरी करताना बोलता-हलता न येणाऱ्या एका म्हातारीने त्याला पाहिलेले असते, आणि तिची नजर सहन न होऊन तो तिला मारहाण करतो. लुईस बुन्युएल यांच्या १९५० च्या 'लोस ओल्व्हिदादोस' मध्ये तो आंधळा डॉन कार्मेलो आहे, आणि तिथे अंधत्वाबद्दल वाटणारी आपली सगळी दया तो एका प्रसंगात उधळून लावतो. पण एमिलिओ फेर्नांदेस यांच्या 'सालोन मेहिको' मध्ये त्याच चेहऱ्याने एका नर्तकीवर निमूटपणे प्रेम करणारा सज्जन पोलीस उभा केला, आणि जॉन फोर्ड यांच्या १९४८ मधील 'फोर्ट अपाची' या हॉलिवूडच्या चित्रपटात अपाचे नेता कोचीस. त्याची ताकद सारा यांच्याहून कमी नव्हती. तो १९५६ मध्ये गेला, आणि सिनेमाच्या अभ्यासकांबाहेर त्याचे नाव आज फारसे निघत नाही. खलनायकाचा साचा लोक लक्षात ठेवतात, पण घरी नेत नाहीत. आजीला मात्र ते घरी नेतात.

मेक्सिकन चित्रपट अकादमीने १९४७ पासून द्यायला सुरुवात केलेल्या आरिएल पुरस्कारांत या मंडळींचे महत्त्व औपचारिकरीत्या मानले गेले. प्रमुख आणि सहायक भूमिकांच्या खाली, अगदी छोट्या भूमिकांसाठीही त्यात वेगळा पुरस्कार होता. एखाद-दुसऱ्या प्रसंगापुरत्या येणाऱ्या नटाला राष्ट्रीय पुरस्कार देणारा चित्रपटधंदा त्या नटावर किती अवलंबून असेल, याची यावरून कल्पना येते.

१९५० च्या दशकात सारा यांना एक उत्तम जोडीदारीण मिळाली: प्रुदेन्सिया ग्रिफेल. स्पेनमधून आलेल्या या ज्येष्ठ नटीने मेक्सिकोत स्वतःची नाटक कंपनी चालवली होती. 'ला तेर्सेरा पालाब्रा' मध्ये दोघी जगापासून दूर रानात वाढलेल्या इन्फान्तेच्या आत्या झाल्या, आणि १९५९ च्या 'लास सेन्योरितास विव्हांको' मध्ये परिस्थिती खालावल्यावर चोरीच्या मार्गाला लागणाऱ्या दोन खानदानी, अविवाहित बहिणी. दोन म्हाताऱ्या बायका सगळा चित्रपट खांद्यावर घेतात आणि पुढे त्याचा दुसरा भागही निघतो, ही घटना कोणत्याही देशाच्या सिनेमात दुर्मीळच म्हणावी लागेल. प्रतिष्ठित म्हातारीवर कोणी संशय घेत नाही, या एकाच कल्पनेवर तो चित्रपट चालतो, आणि ती कल्पना सुचण्यासाठी आधी वीस वर्षे सारा गार्सिया यांनी प्रतिष्ठित म्हातारी पडद्यावर रुजवलेली असणे आवश्यक होते.

तोवर धंद्याला उतरती कळा लागली होती. संघटनांनी नव्या दिग्दर्शकांना दारे बंद ठेवली, त्याच कथा स्वस्तात पुन्हा निघू लागल्या, दूरचित्रवाणी घराघरांत आली. जुने तारे एकेक करून गेले: नेग्रेते १९५३ मध्ये, पार्दावे १९५५ मध्ये, इन्फान्ते १९५७ मध्ये. चरित्र नटी मात्र टिकल्या, कारण त्यांच्या कामाला तारुण्य लागत नव्हते. १९७० च्या दशकात सरकारच्या पाठिंब्याने नव्या वळणाचे चित्रपट येऊ लागले, तेव्हा त्या दिग्दर्शकांनी जुन्या सिनेमाच्या या चेहऱ्याचा मुद्दाम उलटा उपयोग केला. लुईस अल्कोरिसा हे स्पेनमधून निर्वासित म्हणून आलेले, बुन्युएल यांच्याबरोबर पटकथा लिहिलेले दिग्दर्शक. त्यांच्या १९७२ च्या 'मेकानिका नासियोनाल' मध्ये शहरातले एक कुटुंब मोटारींच्या शर्यतीचा शेवट पाहण्यासाठी लवाजम्यासह बाहेर पडते. वाटेवर खाणे, पिणे, भांडणे, लंपटपणा यांचा धुडगूस चालतो, आणि त्यात सारा गार्सिया ही तोंडाळ, खादाड आजी आहे, जी वखवखून खाते आणि त्या गर्दीतच मरते. मग शर्यतीची गंमत सोडून तिचे प्रेत घरी कसे न्यायचे हा प्रश्न उभा राहतो. जिच्या मरणावर सगळ्या देशाने १९४७ मध्ये अश्रू ढाळले होते तिच्याच मरणाचा अल्कोरिसा यांनी तमाशा केला. सत्तरी ओलांडलेल्या सारा यांनी ती शिवराळ भाषा बिनदिक्कत उच्चारली, आणि मला विचाराल तर स्वतःच्या प्रतिमेकडे इतक्या निर्मळपणे हसून पाहणे हे दात काढण्यापेक्षा अधिक धाडसाचे होते. होर्हे फोन्स यांच्या 'कारिदाद' या छोट्या चित्रपटात त्यांनी दान करणारी श्रीमंत म्हातारी केली. गरीब मुलांपुढे तिने टाकलेल्या नाण्यांवरून भांडण सुरू होते आणि ते खुनापर्यंत जाते. दयाळू आजीच इथे अनर्थाचे कारण आहे.

गंमत अशी की याच वर्षांत प्रतिमेची मूळ, गोड आवृत्तीही तेवढीच जोरात विकली जात होती. १९७३ मध्ये 'आबुएलिता' म्हणजे 'आजी' या नावाच्या, दुधात उकळून प्यायच्या चॉकलेटच्या खोक्यावर त्यांचा चेहरा आला. ते चॉकलेट काढणारी कंपनी पुढे नेस्लेने घेतली, तरी तो चेहरा कायम राहिला. १९७४ मध्ये सुरू झालेल्या 'मुंदो दे हुगेते' या मुलांच्या मालिकेत त्या 'नाना', म्हणजे दाई, होत्या. म्हणजे 'मेकानिका नासियोनाल' पाहून आलेल्या माणसाची मुले संध्याकाळी दूरचित्रवाणीवर त्याच बाईला मायेने बोलताना पाहत होती. दोन्ही गोष्टी एकाच वेळी करूनही एकीने दुसरीला बाधा आली नाही. २१ नोव्हेंबर १९८० रोजी राजधानीत त्यांचे निधन झाले. विस्काईनासमधील दिवसांपासूनच्या मैत्रीण रोसारिओ गोन्सालेस क्वेन्का यांनी कित्येक दशके त्यांच्याबरोबर एकाच घरात राहून त्यांचे घर आणि व्यवहार सांभाळले होते.

ज्यांना हे काम स्वतः पाहायचे असेल त्यांनी आईच्या साच्यापासून सुरुवात करू नये, कारण १९४१ चा कौटुंबिक चित्रपट पहिला लावला तर पुढे जाण्याची इच्छा मरण्याची शक्यता आहे. आधी 'लोस त्रेस गार्सिया' पाहावा, म्हणजे या नटीची विनोदाची जाण आणि हुकमत कळेल. मग 'आई एस्ता एल देताये', म्हणजे ती दुसऱ्याच्या विनोदाला आधार कसा देते ते दिसेल. त्यानंतर 'क्वांदो लोस ईखोस से व्हान' पाहिला तर त्यातल्या खालच्या पट्टीतल्या आवाजाकडे लक्ष जाईल, आणि 'मेकानिका नासियोनाल' सर्वांत शेवटी ठेवावा, कारण आधीचे तिन्ही चित्रपट ठाऊक नसतील तर तो नुसता एक गोंगाटी चित्रपट वाटेल.